लेकीचा वाटा

“यांना मुलंबाळं आहेत का?” उंच डच माणसाने तोंडातला घास पुरता न गिळताच काउंटरमागच्या म्हाताऱ्याकडे बघत एव्हान्थियाला विचारलं.

तीन वर्षं ती पर्यटकांना घेऊन या दुकानात येत होती. थेस्सलोनिकीचा इतिहास चालत चालत, खात खात दाखवायचा, हा तिचा धंदा. आधी तीळ लावलेलं पावाचं कडं, मग कापानी बाजारात ऑलिव्ह आणि खारवलेले मासे, त्यात जुन्या शहराला लागलेल्या आगीची गोष्ट, आणि शेवटी इथे बुगात्सा. शंभर वर्षांपूर्वी समुद्रापलीकडून हाकलले गेलेले ग्रीक इथल्या धक्क्यावर उतरले तेव्हा अंगावरच्या कपड्यांखेरीज त्यांच्याजवळ ही कलाच काय ती होती, हे ती रंगवून सांगायची. पिठाचा गोळा हवेत भिरकावून त्याची मांड्यासारखी पातळ पारी करायची, आत दूध-रव्याचं गोड सारण भरायचं, परातीत भाजायचं, वर पिठीसाखर आणि दालचिनी. लोक खायचं सोडून फोटो काढत बसायचे. पलीकडे म्हातारा प्रोद्रोमोस रुंद सुऱ्याने टकाटक तुकडे पाडत राहायचा. हे सगळं इंग्रजीत चालायचं आणि त्याला इंग्रजीचा गंध नव्हता. त्यामुळे त्याच्यासमोर उभं राहून त्याचंच कौतुक करायला तिला काही अडचण नव्हती. पण मुलाबाळांचं आजवर कोणी विचारलं नव्हतं.

मूल एकच होतं. ती स्वतः.

लहानपणी त्याने तिला स्टुलावर उभं करून पारी उडवायला शिकवलं होतं. पुढे दुकान हीच चालवणार, असं अख्ख्या गल्लीला सांगून ठेवलं होतं. मग मंदीचे वाईट दिवस आले, निम्मा बाजार बंद पडला, आणि एव्हान्थिया एका मुलाच्या मागे जर्मनीला निघून गेली. त्या मुलाशी काही जमलं नाही. ती मात्र हट्टाने तिकडेच राहिली. आई गेली तेव्हा तिला यायला चाळिसाव्या दिवसाची प्रार्थना उजाडली. कबरीपाशी बाप तिच्याशी एक अक्षर बोलला नाही. पुढे ती कायमची परत आली आणि धीर करून दुकानात गेली, तर त्याने मान वर करून विचारलं, “काय देऊ तुम्हाला?” गिऱ्हाइकाला विचारावं तसं.

तेव्हापासून असंच चाललं होतं. सोबत किती जण आहेत ते ती सांगायची, तो तेवढ्या बशा मांडायचा. स्वतःसाठी तिने कधी मागितली नाही. बापाच्या हातचं विकत घेऊन खायला तिचा जीव धजत नव्हता, आणि फुकट मागायचा हक्क आपण गमावला हे तिला ठाऊक होतं. परक्यांनी बोटं चाटावीत आणि पोटच्या पोरीने नुसता दालचिनीचा वास घेऊन घरी जावं, असा तो प्रकार होता. तरी ती यायची. तो वाससुद्धा तिला सोडवत नव्हता.

आता सगळे तिच्या तोंडाकडे बघत होते. नाही म्हणायला जीभ वळेना.

“एक मुलगी आहे,” ती म्हणाली. “परदेशात असते. पहाटे पहिली परात निघाली की हे त्यातला पहिला तुकडा तिच्यासाठी बाजूला काढतात. दुकान बंद होईपर्यंत ठेवतात. कधी आलीच, तर असावा म्हणून.”

हे कुठून सुचलं ते तिचं तिलाच कळलं नाही. गाईडला थोडं तिखटमीठ लावायचा हक्क असतोच, अशी तिने मनाची समजूत घातली. इतकी वर्षं मनातल्या मनात जे मांडे खाल्ले ते आज लोकांपुढे वाढले गेले होते. डच माणसाने बशी खाली ठेवली.

तेवढ्यात गटातली मेलबर्नची म्हातारी उठली. स्तमातिया तिचं नाव. सकाळपासून बाई इंग्रजीतच बोलत होती, आणि तिला ग्रीक येतं का हे एव्हान्थियाने विचारलं नव्हतं. ती तरातरा काउंटरपाशी गेली आणि अस्सल खेडवळ ग्रीकमध्ये सुरू झाली.

“उस्ताद, देव तुमचं भलं करो. लेकीसाठी रोज पहिल्या परातीतला पहिला तुकडा काढून ठेवता म्हणे. माझा बाप असा असता तर मी कशाला मरायला ऑस्ट्रेलियाला गेले असते?”

तीन वर्षं जपलेली एवढीशी जागा आपणच आपल्या तोंडाने घालवली, असं एव्हान्थियाला वाटलं. तो भांडणार नाही, आवाजही चढवणार नाही. उद्यापासून तुमची माणसं दुसरीकडे न्या, एवढंच म्हणेल, तेही अहो-जाहो करून. मग या दारात उभं राहायला तिला काय निमित्त उरणार होतं?

सुरा थांबला.

“कोण म्हणालं असं?” प्रोद्रोमोसने विचारलं.

बाईने मागे वळून बोट दाखवलं. म्हाताऱ्याने एव्हान्थियाकडे पाहिलं. मग फडक्याला हात पुसू लागला.

“चूक आहे ते,” तो म्हणाला.

एव्हान्थियाने खांद्यावरची पिशवी सावरली. निघायचंच होतं, तर त्याने सांगण्याआधी निघावं.

“पहिल्या परातीला भट्टी नीट तापलेली नसते,” म्हातारा पुढे म्हणाला. “तळ कच्चा राहतो. मी दुसरीतला ठेवतो. एवढं शिकवलं होतं, विसरलीस?”