मृताची चूक, टक्क्यांत

विमा कंपनीचा तपासनीस भर दुपारी तिच्या घरी आला. दोन महिन्यांपूर्वी तिचा नवरा रस्ता ओलांडताना ट्रकखाली गेला होता.

“ताई, वाईट वाटून घेऊ नका,” फॉर्म भरता भरता तो म्हणाला, “पण गाड्यांचा सिग्नल हिरवा असताना ते मध्ये आले. मृताची चूक चाळीस टक्के. भरपाई तेवढी कमी होणार.”

आतल्या खोलीत कुणीतरी घसा खाकरला.

“आत कोण आहे?”

“कुणी नाही,” ती म्हणाली. “ट्रक पिसाळल्यासारखा आला होता. नीट लिहा.”

त्याने चाळीसचे तीस केले. पुन्हा खाकरणं, जरा नाराजीचं. वीस केले, तर चांगला खणखणीत खोकला. दहावर आला तेव्हा आत खुर्ची सरकली. त्याने घाईघाईने शून्य लिहिलं, तसं घर एकदम शांत झालं.

पंधरा वर्षांच्या नोकरीत त्याने कुणाला पाच टक्केही सोडले नव्हते. “इथे सही करा,” घाम पुसत तो म्हणाला.

“वाचल्याशिवाय सही करायची नाही, असं ह्यांनी बजावलंय.” तिने फॉर्म आतल्या बंद दाराखालून सरकवला. पलीकडून तो कुणीतरी ओढून घेतला.

“बरं झालं, हे त्या दिवशी चष्मा घरीच विसरले होते,” ती म्हणाली आणि तिने जीभ चावली.

चष्म्याशिवाय रस्ता ओलांडला, म्हणजे निदान तीस टक्के! तपासनीसाचा हात सवयीने पेनाकडे गेला.

आतून दाराची कडी निघाली.