अक्षर बिघडवण्याचा अभ्यास

अर्ज तिसऱ्यांदा परत आला, आणि शेरा तोच: "अर्ज हाताने लिहिलेला हवा. छापील चालणार नाही."

वार्तिनीबाईंनी कपाळाला हात लावला. अर्ज त्यांनी हातानेच लिहिला होता. तिन्ही वेळा, काळ्या शाईत, कोऱ्या कागदावर. मग नियमाप्रमाणे त्याचं चित्र करून शिक्षण कचेरीच्या संकेतस्थळावर चढवलं होतं. खोट एवढीच, की जावा बेटावरच्या एका गावात एकोणीस वर्षं पोरांचं अक्षर वळवता वळवता त्यांचं स्वतःचं अक्षर छापखान्याने लाजावं इतकं एकसारखं झालं होतं.

आणि या एकोणीस वर्षांत त्या हंगामी शिक्षिकाच राहिल्या होत्या. कायम होण्याची ही शेवटची भरती. पुढच्या वर्षी वय आडवं येणार होतं. अर्जाची मुदत संपायला दोन दिवस उरले होते.

कचेरीसमोर पाक सुगिमिन यांचं फोटोकॉपीचं दुकान होतं. (तिकडे 'पाक' म्हणजे साहेब, 'बू' म्हणजे बाई.) बाईंची कर्मकहाणी त्यांनी तळलेलं टेंपे, सोयाबीनची वडी, खात शांतपणे ऐकली.

"तुम्ही लिहूच नका, बू," ते म्हणाले. "मजकूर टाइप करून द्या. मी त्याचं चित्र बनवतो. अगदी हाताने लिहिल्यासारखं."

"म्हणजे खोटं?"

"खरं तीनदा देऊन पाहिलंत की!"

बाईंनी मजकूर टाइप करून दिला. सुगिमिननी तेलकट बोट लुंगीला पुसलं आणि एक कळ दाबली. पडद्यावरची ताठ अक्षरं एकदम माणसाळली. ओळी उजवीकडे किंचित चढल्या. शब्द एकमेकांना खेटले. एका कोपऱ्यात शाईचा डागही उमटला.

"हा डाग कशाला, पाक?"

"डाग नसला तर माणूस वाटत नाही, बू."

तासाभरात कचेरीचं उत्तर आलं: "हस्ताक्षर ग्राह्य." बाईंना आनंद झाला आणि थोडा अपमानही वाटला.

आनंद सोमवारपर्यंत टिकला. सोमवारी फलकावर सूचना लागली, की सर्व उमेदवारांनी शुक्रवारी समक्ष येऊन चार ओळी लिहून दाखवाव्यात. अक्षर अर्जाशी ताडून पाहिलं जाईल.

बाई धावत दुकानात गेल्या. "आता हो?"

"आता काय! मशीन काही पदराआड लपवून नेता येत नाही," सुगिमिन म्हणाले. "शिका, बू. तुम्ही शिक्षिका, तुम्हाला काय अवघड!"

ते चेष्टेत बोलले होते, पण बाईंनी मनावर घेतलं. शाळा सुटली की त्या अर्जाचं चित्र मोठं करून समोर ठेवत आणि वही उघडून बसत. पहिल्या दिवशी नुसता वैताग आला. दुसऱ्या दिवशी मात्र कुतूहल चाळवलं. मशीनचा रोमन 'जी' शेपटी डावीकडे ओढतो, पण वाक्याच्या शेवटी नाही. दर तिसऱ्या 'ए'चं तोंड उघडं राहतं. लांब शब्द दमल्यासारखा शेवटी खाली घसरतो. असा विद्यार्थी वर्गात असता तर त्याला सुधारायला बाईंना दोन महिने लागले असते. त्याच्यासारखं बिघडायला चारच दिवस होते.

"एकोणीस वर्षं लोकांची अक्षरं सुधारलीस," नवरा कॉफी ढवळत म्हणाला, "आणि आता स्वतःचं बिघडवायची शिकवणी लावलीस होय?"

"गप्प बसा हो! 'ए' चुकला माझा. बंद झाला."

गुरुवारी संध्याकाळी त्यांनी एक पान लिहून चित्राशेजारी ठेवलं. नवऱ्याने दोन्ही पानं उलटसुलट करून पाहिली, आणि बायकोचं म्हणून नेमकं मशीनचं उचललं.

शुक्रवारी कचेरीच्या दालनाबाहेर रांग होती. एकेक उमेदवार आत जाई आणि दोन मिनिटांत मान खाली घालून बाहेर येई. बाईंची पाळी शेवटची.

आत पाक हार्सोयो हे अधिकारी बसले होते. गोड स्वभावाचे, थकल्या डोळ्यांचे. "बसा, बू. सावकाश लिहा. घाई नाही."

बाईंनी चार ओळी लिहिल्या. शेपट्या, तोंडं, घसरणी, सगळं जिथल्या तिथे.

हार्सोयोंनी भिंग काढलं. कागद पाहिला, अर्जाचं चित्र पाहिलं, पुन्हा कागद पाहिला. मग चष्मा काढून डोळे चोळले.

"जुळतंय," ते हळूच म्हणाले. "तंतोतंत."

बाईंनी चार दिवसांत पहिल्यांदा पोटभर श्वास घेतला. तरी राहवलं नाही. "आणि बाकीच्यांचं, पाक?"

"एकाचंही नाही."

बाईंना बाकीच्यांची कीव आली आणि स्वतःच्या कष्टांचा अभिमान वाटला. हार्सोयो उठले. त्यांनी अदबीने बाईंसमोर चहाचा पेला ठेवला, दाराची कडी लावली आणि कपाटातून एक जाडजूड गठ्ठा काढून टेबलावर ठेवला.

"दोनशे अकरा जणांचे अर्ज, बू, आणि हात एकच," ते म्हणाले. "तीन आठवडे आम्ही तुम्हालाच शोधतोय."