इंग्रजांना घालवण्याची लढाई

स्वातंत्र्याला पंचवीस वर्षं झाली म्हणून उचगावात म्हाताऱ्या आकाराम चौगुल्यांचा सत्कार ठरला. ते इंग्रजी पलटणीतले जुने शिपाई. भाषण लिहायला मास्तर त्यांच्या घरी गेले.

"नाना, कुठं लढलासा?"

"वझिरिस्तानात, पठाणांच्या डोंगरात. छत्तीस साली गोऱ्या साहेबानं नेलं."

"त्यांनी हल्ला केलता काय?"

"ती कशाला करत्यात? ती आपल्या गावात व्हती. आमीच गेलतो. घरं पाडली, उभी पिकं जाळली. एक म्हातारा एकटाच बंदूक घिऊन दारात बसलेला. चार तास हटला न्हाय. माझ्या गोळीनं गेला."

मास्तरांचं लिहिणं थांबलं. "पण त्यांचं म्हणणं काय होतं?"

"इंग्रजानं आपल्या मुलखातनं चालतं व्हावं. दुसरं काय?"

मास्तरांनी लिहिलेला कागद फाडला आणि नवा घेतला.

"एवढं सगळं नको. 'इंग्रजांना घालवण्याच्या लढाईत नाना होते,' एवढंच म्हणतो. चालेल न्हवं?"

"म्हणा की," नाना म्हणाले. "खरंच हाय ते. फकस्त कुठल्या बाजूनं व्हतो, तेवढं सांगू नगासा."