शेगडी, पडदे आणि तळ

"शेगडी काढून टाक," लेक म्हणाली.

आईने ड्रॉइंगवर वाकून पाहिलं. होडीच्या पोटात, पायऱ्या उतरल्यावर डाव्या हाताला, तिने दोन बर्नरची झुलती शेगडी रेखाटली होती.

"मग खाणार काय? इतके दिवस एकटी असशील."

"पाणी गरम करायला एक छोटा स्टोव्ह पुरे. शर्यत आहे आई, सहल नाही. होडी हलकी हवी."

"बरं." आईने खोडरबर उचलला.

लेक तिच्याकडे बघत राहिली. "चालेल तुला?"

"होडी तुझी. मला काय विचारतेस?"

आई शिडाच्या होड्यांची डिझायनर होती. तिच्या होड्या शर्यतीत पळायच्या आणि सुट्टीत घरच्यांना फिरवूनही आणायच्या. ही मात्र लेकीसाठी होती. लेक ती घेऊन समुद्र ओलांडायच्या शर्यतीला एकटीच निघाली होती. होड्यांच्या क्लबच्या दारावर तिचा मोठा फोटो लागला होता आणि ओळखीचे-अनोळखी लोक तिला रस्त्यात थांबवून शाबासकी देत होते. राहिली होती ती डिझायनरची सही. ही होडी खुल्या समुद्रात टिकेल, असं डिझायनरने सही करून दिल्याशिवाय शर्यतीत प्रवेश नव्हता.

आईला भीती वाटत होती. चांगलीच वाटत होती. पण ज्या पोरीच्या हातात आपणच शिडाची दोरी दिली, तिला आता कुठल्या तोंडाने अडवायचं? तेव्हा अडवायचं नाही, हे तिने ठरवून टाकलं होतं. होडी मात्र अशी द्यायची, की पोरगी धडधाकट घरी परत आली पाहिजे.

त्यासाठी तिने भाजी बाजारातली युक्ती केली. घासाघीस होणार हे माहीत असलं की विकणारी भाव चढवूनच सांगते. आईने तशी होडी चढवून काढली. शेगडी, खिडक्यांना पडदे, पुस्तकांचं कपाट, संडासाला दार, हे सगळं लेकीने खोडावं म्हणूनच होतं. आईचा जीव अडकला होता तळात. होडीला उलटू न देणारं शिशाचं वजन, कील, तळाला जिथे जोडलेलं असतं, तिथे फायबरग्लासचे थर कमी पडले तर लाटांच्या माऱ्याने ते उखडून निघतं. मग होडी पालथी व्हायला वेळ लागत नाही. म्हणून आईने तिथे गरजेपेक्षा बरेच जास्त थर दाखवले. लेकीला वारा कळत होता, थरांचं गणित नाही.

पडदे गेले. कपाट गेलं. दारही गेलं. प्रत्येक वेळी लेक विचारायची, "नक्की ना?" आणि आई म्हणायची, "नक्की."

वडिलांना झोपाळ्यावर बसलं तरी मळमळायचं. जेवताना ते म्हणाले, "या हिशेबाने शेवटी नुसतं शीड उरेल. तेच पांघरून जा म्हणावं."

आई खो खो हसली. लेकीने निम्मं ताट तसंच ठेवलं आणि उठली. शर्यत जवळ आली की पोरीचं जेवण असंच कमी होतं, असं आईने वडिलांना समजावलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी लेक पुन्हा ड्रॉइंगसमोर उभी राहिली.

"तळ पातळ कर," ती म्हणाली.

याचीच तर आई वाट बघत होती. तरी तिने चेहरा कडू केला. भाव उतरवताना विकणारीला तेवढं करावंच लागतं.

"कीलपाशी?"

"हो. जितका होईल तितका. पण आई, तू नीट विचार कर. उद्या काही झालं तर?"

"मी विचार केलाय." आईने जास्तीचे थर एकेक करून खोडले आणि हव्या तेवढ्या थरांवर येऊन थांबली. "झालं. अजून काही?"

"आणि यावर तू सही करशील?"

"करते की!" आईने पेन घेतलं आणि तिथल्या तिथे सही ठोकली.

लेक त्या सहीकडे बघत राहिली. मग तिने आईला घट्ट मिठी मारली आणि तिच्या खांद्यात तोंड खुपसलं. कितीतरी वेळ ती सोडेचना. आईचेही डोळे भरून आले. आपण पोरीच्या वाटेत आलो नाही, याचं तिला फार समाधान वाटलं.

तशीच ती ड्रॉइंग घेऊन कारखान्यात गेली. रेझिनचा वास नाकात भरत होता. होडीचा साचा मेण लावून चकचकीत करून ठेवला होता. कारखान्याच्या मालकांना सगळे मामा म्हणत. आईने त्यांना आपली युक्ती हसत हसत पहिल्यापासून सांगितली.

"तळ मला हवा होता तसाच राहिला, मामा. आणि पोरगी खूश, की आईला वाकवलं!"

मामा हसले नाहीत. त्यांनी तोंडावरचा मास्क खाली ओढला.

"सही केलीत तुम्ही?"

"आजच केली. थर घालायला घ्या आता."

मामा हातमोजे काढत राहिले. "बाई, काल संध्याकाळी ती इथे आली होती. साच्याला टेकून बसली होती. रडून रडून डोळे सुजले होते तिचे. कुणाला सांगू नका म्हणाली, म्हणून मी गप्प बसलो."

"रडत होती? कशासाठी?"

"म्हणाली, 'मामा, माझी हिंमतच होत नाही. पण आता नाही म्हणायला मला तोंड उरलेलं नाही. उद्या तळ पातळ करायला सांगते. काही झालं तरी माझी आई त्यावर सही करायची नाही.'"