शेठचे बूट

“अरे, साहेब कधी अनवाणी असतो का?” भूपेंद्र कॅमेऱ्यामागून ओरडला.

पितांबर खुर्चीतून ताडकन उठला. चपला त्याने सवयीने दाराबाहेरच काढल्या होत्या. जळगावच्या या कापसाच्या जिनिंगच्या ऑफिसात तो बारा वर्षं शिपाई, पण चपलेसकट उंबरा कधी ओलांडला नव्हता. आज रविवारचा तो नुसतं कुलूप उघडून द्यायला आला होता. साहेब होणारा सुरतचा नट आलाच नाही, तेव्हा भूपेंद्रने यालाच शेठच्या खुर्चीत बसवलं. ॲपवर टाकायची तसली फिल्म, साहेब आणि त्याचा मार खाणारी सेक्रेटरी. चेहरा दिसणार नाही म्हटल्यावर गडी तयार झाला. कपाटाखालचे शेठचे बूट त्याने पायात चढवले.

ऋतिका फाइल घेऊन टेबलापाशी उभी राहिली. असले खोटे साहेब तिने चिक्कार पाहिले होते. हात उगारायचा, गालाजवळ थांबवायचा, आवाज मागाहून भरतात. तिची अट एकच, अंगावर वळ नको. उद्या दहाला तिला धुळ्याच्या साडीच्या दुकानात काउंटरवर उभं राहायचं होतं, आणि तिथे या कामाचा कुणाला पत्ता नव्हता.

“टेबलावर दोनदा टकटक केलं की थांबायचं हं, भाऊ,” तिने बजावलं. पितांबरने खाली मान घालून होकार दिला.

पहिलीच थप्पड खरी बसली. तिच्या कानात शिट्टी वाजली.

“पगार काय तुझा बाप देतो?” पितांबर गरजला. “घरी बस! तुझ्यासारखे छप्पन्न मिळतात!”

हे स्क्रिप्टमध्ये नव्हतं. वर्षानुवर्षं ऐकल्याशिवाय इतकं तोंडपाठ होत नाही, हे ऋतिकाला तेवढ्यातही कळलं. तिने दोनदा टकटक केलं. त्याने तिचे केस धरले. तिने पुन्हा टकटक केलं. त्याने तिचं डोकं टेबलाच्या काचेवर आपटलं.

“वर बघायचं नाही माझ्याकडे! नजर खाली!”

“चालू ठेव,” भूपेंद्र कुजबुजला, “भारी येतंय.” मेल्याला कॅमेऱ्याबाहेर काही दिसतच नव्हतं.

आता हा आपला जीव घेणार, असं तिला वाटलं. हाताला पेपरवेट लागला. तिने तो सगळ्या ताकदीनिशी त्याच्या तोंडावर हाणला. पितांबर भेलकांडला आणि टेबलावर ओणवा झाला. फुटलेल्या भुवईतलं रक्त काचेवर टपटप गळू लागलं.

ऋतिकाने पेपरवेट पुन्हा उगारला. पण पितांबर तिच्याकडे बघतच नव्हता.

“अरे बाप रे,” तो पुटपुटला. “बठ्ठी काच खराब व्हयनी. शेठ सकाय येतीन!”

त्याने घाईघाईने बूट काढले, जोडीने कपाटाखाली ठेवले, आणि फडकं आणून अनवाणी काच पुसायला लागला. पुसलं की वरून नवा थेंब पडत होता.

ऋतिका मागे सरली आणि शेठच्या खुर्चीत बसली. समोरच्या काचेत तिला आपला गाल दिसला. चार बोटं ठसठशीत उमटली होती. उद्याचं काउंटर गेलं. तिच्या अंगाची लाही लाही झाली.

“इकडे राहिलंय,” ती चपलेच्या टोकाने फरशी दाखवत म्हणाली. “डोळे फुटले काय?”

पितांबर गुडघ्यांवर बसला.

“हो शेठ,” वर न बघता तो म्हणाला.