उंबराचा वाटा

“द्वारके, उंबराला पाणी घातल्याशिवाय तोंडात घास घालू नकोस,” असं आत्यानं शेवटच्या दुखण्यात बजावलं होतं आणि द्वारकाबाईंनी तिला शब्द दिला होता.

आता पाणीकेंद्रावर माणशी दोन लिटर मिळायचं. मनगटावरचा पट्टा घोटन् घोट मोजायचा. पाणी न पिता झाडाला घातलं, की दुसऱ्या दिवशीचा वाटा बंद.

“काकू, काल पट्ट्यात एक घोट नाही,” केंद्रावरची रेश्मा कुजबुजली.

“एकादशी होती गं. निर्जळी.”

“महिन्यात पाच एकादश्या? मी गप्प बसले, पण आता साहेबांनी पाहिलंय. म्हणाले, पिण्याचं पाणी माणसानंच प्यायचं.”

“त्यांना म्हणावं, गावात सावली धरणारं तेवढं एकच झाड उरलंय. भर दुपारी तुम्ही गाडी कुठं लावता?”

रेश्माला हसू फुटलं. “पण आज हे झाडाला घातलंत, तर उद्या तुमचा वाटा बंद. मग उंबराला काय घालाल?”

द्वारकाबाईंनी भरलेला तांब्या उचलला.

रेश्मानं आपल्या मनगटावरच्या पट्ट्याकडे पाहिलं. “काकू, उद्या माझी एकादशी.”

द्वारकाबाईंनी तिच्या डोक्यावरून हात फिरवला. रोज पदराखाली झाकून न्यायचा तो तांब्या आज उघडाच हातात धरून त्या उंबराच्या वाटेला लागल्या.