नकाशा मिळेपर्यंत

कोर्टाने पुन्हा पुढची तारीख दिली आणि बाबांनी नेहमीसारखी मान डोलावली.

"तुम्ही काहीच बोलला नाहीत," जिना उतरताना बारक्या म्हणाला.

"काय बोलणार? नकाशा नाही. नकाशा नाही तर निकाल नाही."

"बारा वर्षं झाली, बाबा."

"मिळेल कधीतरी," बाबा म्हणाले आणि कठडा धरून पुढची पायरी चाचपू लागले.

बारक्या म्हणजे सहा फूट उंचीचा, पंचेचाळिशी गाठलेला, लिफ्ट दुरुस्त करणारा माणूस. पण धाकटा म्हणून लहानपणी चिकटलेलं नाव काही सुटलं नव्हतं. बाबांचा हा गरीब स्वभाव त्याच्या डोक्यात जायचा. समोरचा वकील तोंडाला येईल ते बोलायचा आणि बाबा मांडीवर पिशवी घेऊन ऐकत बसायचे.

भांडण कॉलनीच्या मधल्या मैदानाचं होतं. घरं विकताना बिल्डरने इथे सगळ्यांसाठी बाग होणार, असं छातीठोकपणे सांगितलं होतं. पुढे त्याचं दिवाळं वाजलं, तो परागंदा झाला आणि मैदानाचं खरेदीखत नाचवत एक कंपनी खोदायची यंत्रं घेऊन हजर झाली. कॉलनी कोर्टात गेली. जागा बागेची की इमारतीची, हे फक्त मंजूर नकाशा सांगू शकत होता, आणि नगररचना कार्यालयातली त्याची एकुलती एक प्रत गहाळ झालेली. 'शोध सुरू आहे' एवढंच कार्यालय दर तारखेला लिहून पाठवी. तो मिळेपर्यंत मैदानात कुणी एक वीटही रचायची नाही, असा कोर्टाचा मनाई हुकूम होता.

वर कहर म्हणजे बाबांची सारी नोकरी त्याच कार्यालयाच्या दफ्तरखान्यात गेलेली. खटला उभा राहिला त्याच वर्षी ते निवृत्त झाले. "जन्मभर लोकांचे कागद शोधून दिलेत, आणि घरचा एक सापडेना?" शेजारी तोंडावर चेष्टा करायचे. बाबाही त्यांच्याबरोबर हसायचे. बारक्याला मात्र मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं.

त्याचा जीव तुटायचा तो आईसाठी. आईला आता जेमतेम उजेड-अंधार कळत होता. बाबांनी मैदानातल्या चार झाडांना दोरी बांधून दिली होती. ती धरून आई रोज सकाळी एकटी फेऱ्या मारायची. बाकी सगळीकडे, अगदी न्हाणीघरापर्यंतसुद्धा, तिला कुणाचा तरी हात लागे. तेवढा तासभर ती कुणाची मिंधी नसायची.

"मैदान गेलं की मी खाटेवर," ती हसत हसत म्हणायची. कंपनीच्या वकिलाने एखाद्या तारखेला डाव साधला तर, या धास्तीने बारक्याला घास गिळवत नसे. पण करणार काय? कोर्टापुढे त्याची उंची काही कामाची नव्हती.

मग एके दिवशी त्या कार्यालयाचीच लिफ्ट दोन मजल्यांच्या मध्ये अडकली. बारक्याने दार उचकटून आतल्या बाईंना बाहेर काढलं. त्या दफ्तरखान्याच्या प्रमुख निघाल्या.

"तुमचे उपकार कसे फेडू?" बाईंनी घाम पुसत विचारलं.

"अर्धा दिवस मला दफ्तरखान्यात शोधू द्या."

बारक्याने सगळी हकिगत सांगितली. बाई हसल्या. "बारा वर्षं आम्ही शोधतोय हो. पण बघा, तुमचंही समाधान होऊ दे."

त्याने नकाशांची सगळी कपाटं उपसली. काही नाही. दुपारी हात टेकून तो बाहेर पडत होता. दाराजवळ रद्द झालेल्या नळजोडण्यांच्या कागदांचे गठ्ठे रचले होते, आणि त्यातल्या एका गाठीपाशी त्याचा पाय थबकला. दोन वेढे, उलटा फास आणि शेपूट आत खोचलेलं. आईच्या दोरीला होती तशी. ही गाठ मारणारा माणूस त्याने दुसरा पाहिला नव्हता.

त्याने ती सोडली. गठ्ठ्याच्या मधोमध, कडा चिकटवलेल्या पाकिटावर कॉलनीचं नाव होतं.

बाईंनी पाकीट त्याच्या हातून काढून घेतलं. "कोर्टाने मागवलेला कागद. आता तो कोर्टातच उघडायचा."

बारक्याला रडू येईल की काय असं झालं. एवढ्या चोख माणसाच्या हातून एक कागद चुकीच्या कपाटात गेला, आणि तोही नेमका स्वतःच्याच मुळावर आला. बाबांना आधी सांगायचं नाही, असं त्याने ठरवलं. उगाच खजील होतील. कोर्टातच कळू दे.

तारखेच्या दिवशी कारकुनाने पाकीट जज्जसाहेबांच्या टेबलावर ठेवलं आणि कॉलनीचं नाव वाचलं. पेंगुळलेले बाबा ताठ झाले.

"हे कुठून आलं?"

"मी शोधलं," बारक्या कुजबुजला. "तुमच्या गाठीवरून. नळजोडण्यांच्या गठ्ठ्यात होतं."

बाबांनी त्याचं मनगट घट्ट धरलं. आजवर त्यांनी त्याला कधी शाबासकी दिली नव्हती. बारक्याचा ऊर भरून आला.

जज्जसाहेबांनी नकाशा उलगडला, चष्मा पुसला, पुन्हा पाहिलं. "मैदानाच्या जागी बाग कुठेही दाखवलेली नाही," ते म्हणाले. "'इमारत क्रमांक पाच' असं स्वच्छ लिहिलंय. मनाई हुकूम उठवण्यात येत आहे."

कंपनीच्या वकिलालाही क्षणभर ते खरं वाटेना. बारक्याने बाबांकडे पाहिलं. त्यांची पकड सुटली होती.

"किती जपून हरवला होता रे मी तो," बाबा म्हणाले.